वकील गैरहजर, शिक्षा कामगाराला

महानगरी एक्सप्रेस मुंबईहून जिथे पोचते त्या वाराणसीत एखाद्या गँगमनला सेशन्स कोर्टाने शिक्षा दिली, तर त्याचे अपील अलाहाबाद हायकोर्टात जाते. अंतर सुमारे सव्वाशे किलोमीटर. गडचिरोलीच्या पोस्टमनलाही नागपूर खंडपीठ असेच दूर. ड्यूटी सांभाळून दर तारखेला जाणे जमत नाही. सारी भिस्त वकिलावर. अपील वर्षानुवर्षे पडून राहते. एक दिवस पुकारा होतो आणि वकील हजर नसतो. एवढ्यावरून अपील फेटाळावे काय?

आमचे उत्तर स्पष्ट आहे : मुळीच नाही. कायदाही तेच सांगतो. बनी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश सरकार या खटल्यात अलाहाबाद हायकोर्टाने असेच अपील फेटाळले होते. १९९६ साली सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनी तो हुकूम रद्द केला. दाखल करून घेतलेले फौजदारी अपील केवळ गैरहजेरीमुळे निकालात काढता येत नाही. कागदपत्रे आणि खालच्या कोर्टाचा निकाल तपासूनच निर्णय द्यावा लागतो. दिवाणी अपील गैरहजेरीत फेटाळता येते. पण इथे प्रश्न माणसाच्या स्वातंत्र्याचा आहे.

आणि आपल्याबाबतीत भाकरीचाही! फौजदारी शिक्षा झाली की घटनेच्या ३११ व्या कलमानुसार खात्याला चौकशीविना बडतर्फ करता येते. रेल्वेत त्यासाठी १९६८ च्या नियमांतला नियम १४ आहे, पोस्टात १९६५ च्या नियमांतला नियम १९. अपील चालू आहे म्हणून बडतर्फी थांबत नाही, असे सुप्रीम कोर्टाने १९९५ साली सांगितले. म्हणजे नोकरी परत मिळण्याची वाट त्या अपिलातूनच जाते.

मात्र १९९६ च्या निकालाने काम अर्धेच झाले. वकील नसला तरी कोर्ट कागद पाहून निकाल देऊ शकते. तारीख पुढे ढकललीच पाहिजे असे बंधन नाही. अपीलकर्ता तुरुंगात असेल तर तारीख द्यावी, सरकारी खर्चाने वकील नेमता येईल, एवढेच कोर्टाने सुचवले. कामगाराची बाजू मांडणारा कोणी नसताना नुसते कागद किती बोलणार? वकिलाशिवाय एकाही फौजदारी अपिलाचा निकाल लागू नये, ही आमची मागणी आहे.

तोवर शाखांनी हात बांधून बसू नये. शिक्षा झालेल्या प्रत्येक सभासदाच्या तारखांची वही ठेवा. अपिलाची मुदत सेशन्स कोर्टात ३० दिवस, हायकोर्टात ६० दिवस. ती चुकली तर १९९६ चा निकाल कामी येत नाही. १९८७ च्या विधी सेवा कायद्याच्या कलम १२ खाली कोठडीतील व्यक्ती, स्त्रिया, अनुसूचित जाती-जमाती आणि औद्योगिक कामगार यांना मोफत वकील मागता येतो. तो अर्ज शाखेने भरून द्यावा. आपल्या सभासदाचे नाव पुकारले जाईल तेव्हा उत्तर देणारा माणूस कोर्टात उभा असलाच पाहिजे.