खोडरबर बाजूला ठेवा



कोंडाणे हे गाव राजमाचीच्या पायथ्याशी. तिथून समुद्र दिसत नाही; दिसते ती उल्हास नदी, आणि तीही वसईच्या खाडीला मिळेपर्यंत बरीच वळणे घेते. मग कर्जत-खालापूरकडच्या मुलांनी जहाजावरच्या अपघातांचा विचार कशाला करायचा, असे कुणी विचारील. एक तर समुद्र आपल्याच रायगड जिल्ह्याचा आहे. दुसरे म्हणजे जहाजावरच्या नोकरीचे शिक्षण देणारी तोलानी मेरिटाइम इन्स्टिट्यूट घाट चढून गेल्यावर तळेगावजवळ इंदुरीला, समुद्रापासून चांगली लांब आहे. आणि तिसरे, मला जे म्हणायचे आहे ते शेवटी तुमच्या प्रयोगवहीपाशीच येणार आहे.

17 जुलै 1947 रोजी भाऊच्या धक्क्याहून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट वादळी पावसात बुडाली. सहाशेहून अधिक माणसे गेली. बोट तळाशी, कागद पाण्यात. काय घडले ते पोहून वाचलेल्यांच्या तोंडूनच कळायचे. बुडता बुडता वाचलेल्या माणसाला लाट कोणत्या बाजूने आली हे नेमके आठवेल का? आठवले तरी शेजारच्याशी बोलून झाल्यावर ते तसेच राहील का?

आता मोठ्या जहाजांवर ‘व्हॉयेज डेटा रेकॉर्डर’ हे नोंदयंत्र असते. जहाज कुठे आहे, वेग किती, तोंड कुठल्या दिशेला, सुकाणूला हुकूम काय दिला आणि ते प्रत्यक्ष किती वळले, रडारवर काय दिसत होते, हे सारे ते टिपते. ब्रिजवर, म्हणजे जिथून जहाज चालवतात तिथे, झालेले बोलणेही टिपते. 1 ऑक्टोबर 2015 रोजी ‘एल फारो’ हे अमेरिकन मालवाहू जहाज चक्रीवादळात सापडून 33 माणसांसह बुडाले. पुढल्या वर्षी ऑगस्टमध्ये सुमारे 4600 मीटर खोलीवरून त्याचे नोंदयंत्र वर काढले, तेव्हा शेवटच्या सुमारे 26 तासांचे बोलणे ऐकता आले.

पण हे यंत्र जुन्या नोंदीवर नवी नोंद करत राहते, बरे का! जुन्या यंत्रांत जेमतेम 12 तासांची नोंद राही. 2014 च्या जुलैपासून बसवलेल्या यंत्रांत एक प्रत 30 दिवसांची असते. तरीही अपघातानंतर कुणीतरी आठवणीने नोंद राखून ठेवण्याचे बटण दाबावे लागते. ते राहिले, तर यंत्र इमानाने आपला पुरावा आपणच पुसून टाकते. म्हणून क्रम असा: आधी माणसे, मग जहाज, आणि लगेच पुरावा.

यंत्राला सगळेच कळते असेही नाही. तुटलेला बोल्ट त्याला दिसत नाही. तो बोल्ट पुसूनपासून स्वच्छ करू नये, तुटलेली दोन टोके जुळवूनही पाहू नयेत, कारण तुटलेल्या पृष्ठभागावरच त्याची हकीकत लिहिलेली असते. धातू वारंवारच्या ताणाने थकून हळूहळू चिरत गेला असेल, तर ओहोटीनंतर पुळणीवर राहतात तशा वक्र रेषा तिथे दिसतात. एका फटक्यात तुटला असेल तर त्या नसतात. नायलॉनचा दोर अति ताणाने तुटला की त्याचे तंतू वितळल्यासारखे गोळा होतात; सुरीने कापलेल्या दोराचे टोक निराळे दिसते. जुन्या पद्धतीच्या विजेच्या दिव्याचे तर मला नेहमी कौतुक वाटते. धडक बसली तेव्हा दिवा पेटलेला असेल, तर त्याची तापलेली टंग्स्टनची तार मऊ असते, ती ताणली जाते. विझलेला असेल तर थंड तार कडक असते, ती काटकन तुटते. ‘माझा दिवा लागलेला होता’ या म्हणण्याची शहानिशा त्या केसाएवढ्या तारेवरून करता येते!

घड्याळांचे काय? ब्रिजवरचे घड्याळ, इंजिन रूममधले घड्याळ आणि खलाशाच्या खिशातला फोन यांत दोन मिनिटांचा फरक सहज असतो. म्हणून प्रत्येकातली तफावत आधी लिहून ठेवायची. नाहीतर सुकाणू आधी वळले की इंजिन आधी थांबले, याचा निकाल लागत नाही.

18 डिसेंबर 2024 रोजी गेटवेहून घारापुरीला निघालेल्या ‘नीलकमल’ या प्रवासी बोटीवर इंजिनाची चाचणी चाललेली नौदलाची वेगवान नौका आदळली. 15 जणांचा बळी गेला. त्या नौकेचे येणे एका प्रवाशाने फोनवर टिपले होते. अशा चित्रफितीतून काय मिळते पाहा. समजा, 8 मीटर लांबीची नौका चित्राला आडवी जाताना स्वतःची लांबी 12 चित्रांत ओलांडते आणि सेकंदाला 30 चित्रे आहेत. म्हणजे 0.4 सेकंदात 8 मीटर. वेग सेकंदाला 20 मीटर, ताशी 72 किलोमीटर. मात्र त्यासाठी मूळ चित्रफीत हवी. या फोनवरून त्या फोनवर ढकललेल्या प्रतीत चित्रे धूसर होतात आणि वेळेची नोंदही बहुधा गळते.

आता माझे मत. अपघात झाला की आपल्याकडे पहिला प्रश्न ‘चूक कोणाची?’ हाच. तो विचारला की माणूस घाबरतो, वही सारखी करतो, पेन्सिलीने आखलेला मार्ग नकाशावरून पुसतो. काय घडले, हे आधी विचारले पाहिजे. जहाजाच्या लॉगबुकात खाडाखोड चालत नाही. चुकले तर एकच रेघ मारायची, खालचे अक्षर वाचता आले पाहिजे, आणि शेजारी सही करायची. कोंडाण्याच्या लेण्यात ‘कण्हाचा शिष्य बलक याने केले’ अशा अर्थाचा ब्राह्मी लेख आहे. करणाऱ्याचे नाव केलेल्या कामापाशीच! लॉगबुकातल्या सहीचा हेतू तोच.

आणि तुमची प्रयोगवही? लंबकाच्या प्रयोगात वर्गातल्या सगळ्यांचे उत्तर 9.8 कसे येते, हे मला चांगले ठाऊक आहे. उत्तरावरून निरीक्षणे मागे मागे रचलेली असतात. समजा, एखाद्याचे 9.6 आले. त्याने 49 सेंटिमीटर दोरी मोजली, पण 1 सेंटिमीटर त्रिज्येचा गोळा मोजायचा राहिला. खरी लांबी 50, म्हणजे दोन टक्क्यांची तूट, आणि 9.8 चे झाले 9.6. ते 9.6 काय राहिले याची साक्ष देत होते, खोडून 9.8 केले की साक्षीदार गेला. म्हणून माझी सूचना अशी, की प्रयोगाची निरीक्षणे पहिल्यापासून शाईने लिहावीत, आणि शिक्षकांनी 9.6 ला पूर्ण गुण द्यावेत, मात्र लांबी कुठून कुठपर्यंत मोजली ते शेजारी लिहिलेले असेल तर.