किराळ म्हणा, धुरीन म्हणा; पण वेळेवर म्हणा

बेंदूर आठ दिवसांवर आला आणि पावसाने ओढ दिली, की आमच्या माढा तालुक्यात ठरलेली गोष्ट घडते. कडब्याची गंज संपलेली असते. कडवळ गुडघ्याएवढे होऊन थांबलेले असते, पाने आवळून घेतलेले. भुकेले जनावर दावे तोडते, बांध ओलांडते आणि हिरव्यात तोंड घालते. मालक हाकलायला पोहोचेपर्यंत ते झोकांड्या खात असते. तोंडाला फेस, छातीचा भाता, पाय झाडणे, आणि संपले. गावातला म्हातारा लांबूनच सांगतो, किराळ लागली.

पंचनाम्याच्या कागदावर मात्र किराळ येत नाही. तिथे येते 'अचानक मृत्यू'. फारच मेहेरबानी झाली तर 'विषबाधा, कारण अज्ञात'. ज्या गोष्टीचे कारण गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक, ती सरकारदरबारी अज्ञात! आणि मग हंगाम उलटून गेल्यावर एखादे पत्रक येते. त्यात छापलेले असते की, कोवळ्या ज्वारीतील 'धुरीन' या सायनोजेनिक ग्लुकोसाइडपासून जनावरांचे संरक्षण करावे. आम्ही असे पत्रक एका बैठकीत मोठ्याने वाचले, तेव्हा मागच्या रांगेतल्या एका शेतकऱ्याने विचारले, "म्हणजे वैरणीला धुरी द्यायची का?" बैठक हसली. आम्हीही हसलो. घरी जाताना मात्र वाटले की हसण्यासारखे त्याने काही विचारले नव्हते. ज्या भाषेत धुरी म्हणजे गोठ्यात डासांसाठी करायचा धूर, त्या भाषेत धुरीन हा शब्द काही न सांगता भिरकावला, तर माणूस दुसरे काय समजणार?

तेव्हा भावांनो, या शब्दाचा एकदा नीट पंचनामा करू.

धुरीनचा धुराशी काडीचाही संबंध नाही. अरबी मुलखात ज्वारीला दुरा म्हणतात. डन्स्टन आणि हेन्री या दोन इंग्रज रसायनशास्त्रज्ञांनी १९०२ साली ज्वारीच्या कोवळ्या रोपांतून हा पदार्थ वेगळा काढला आणि त्या दुरावरून त्याचे नाव ठेवले. म्हणजे ज्या शब्दाचा धाक आम्हाला दाखवला जातो, तो मुळात शेतकऱ्याच्याच तोंडचा, ज्वारीचा शब्द आहे. एवढेच नाही. जगातल्या लागवडीच्या ज्वारीचे १९७२ साली शास्त्रज्ञांनी पाच मुख्य गट पाडले, त्यातल्या एका गटाचे नावही दुराच, आणि आपली रब्बीची मालदांडी त्याच घराण्यातली. शेजारच्या मोहोळला मालदांडीतून निवडून काढलेली एम ३५-१ आपण पिढ्यान् पिढ्या पेरतो, ती दुरा आहे, आणि तिच्या पोंग्यातले धुरीन हे तिचेच नाव लावून बसले आहे. लंडनच्या साहेबाला परमुलखातल्या शेतकऱ्याचा शब्द घ्यायला लाज वाटली नाही. आमच्या साहेबांना घरचा 'किराळ' शब्द कागदावर लिहायला मात्र कमीपणा वाटतो.

आता अर्थ. धुरीन हे स्वतः विष नव्हे. ही गोष्ट पत्रकात कधीच नसते, आणि सगळी मेख इथेच आहे. धुरीन म्हणजे साखरेच्या एका कणाला बांधून ठेवलेले सायनाइड. ज्वारीच्या पानात ते एका कप्प्यात असते आणि त्याची गाठ सोडणारे विकर दुसऱ्या कप्प्यात. पान सुखरूप उभे आहे तोवर दोघांची भेट होत नाही. जनावराने पान चावले, की कप्पे फुटतात, गाठ सुटते आणि हायड्रोसायनिक आम्ल मोकळे होते. रवंथ करणाऱ्या जनावराच्या पोटातले जंतूही ही गाठ सोडतात, म्हणून गाईबैलांना ते अधिक बाधते. हे विष रक्तातला प्राणवायू पेशींना वापरू देत नाही. रक्तात प्राणवायू भरलेला आणि जनावर गुदमरलेले! म्हणून किराळ लागलेल्या जनावराचे रक्त लालभडक दिसते. सापाने चावले की किराळ लागली, असा वाद गावात होतो, तेव्हा ही खूण ध्यानात ठेवावी.

ज्वारी हे सगळे आपल्या बैलाच्या वैराने करत नाही. कोवळ्या वयात कीड आणि चरणारी जनावरे यांच्यापासून जीव वाचवण्याची तिची ती तजवीज आहे. शिवाय धुरीनमध्ये नत्र साठवलेले असते. दुष्काळात वाढ थांबली, की ही शिल्लक वाढते. म्हणून पावसाने ओढ दिलेले, खुरटलेले कडवळ सगळ्यात वाईट. त्यावर युरियाचा हात मोकळा सोडला असेल तर आणखी वाईट. आणि ओढीनंतर पाऊस पडला, आता धोका टळला, असे समजून सोडलेले जनावर हमखास सापडते, कारण पावसानंतर फुटलेला नवा पोंगा जुन्या पानापेक्षा जहाल असतो. रब्बीचेही तसेच. ज्याची ज्वारी उपटून निघाली त्याच्या रानात प्रश्न उरत नाही. पण आता मजूर मिळत नाहीत, लोक विळ्याने कापतात, धसकटे रानात राहतात आणि फाल्गुनात अवकाळीची एखादी सर आली की त्यांना हिरवेगार फुटवे येतात. मोकाट सोडलेली जनावरे आधी तिकडेच धावतात.

आता हिशेब करू. जाणकार ओल्या वैरणीत २०० पीपीएमच्या वर हायड्रोसायनिक आम्ल असेल तर ती धोक्याची मानतात. पीपीएम म्हणजे दहा लाख भागांत एक भाग. २०० पीपीएम म्हणजे किलोभर वैरणीत २०० मिलिग्रॅम. जनावराच्या एक किलो वजनामागे साधारण २ मिलिग्रॅम विष झपाट्याने पोटात गेले तर ते जिवावर बेतते. ३०० किलोच्या बैलाला ६०० मिलिग्रॅम. म्हणजे तीन किलो कडवळ. एक पेंढी! उपाशी जनावराला ती संपवायला कितीसा वेळ लागतो, हे गोठ्यात उभा राहिलेला माणूस जाणतो. हाच हिशेब पत्रकावर चार ओळींत छापता आला असता. छापले काय, तर सायनोजेनिक ग्लुकोसाइड.

आम्हाला कळते, काही शहाणे म्हणतील की शेतकरी अडाणी, त्याला शास्त्राचा शब्द पचत नाही. अहो, युरिया, डीएपी, मोनोक्रोटोफॉस, ट्रान्सफॉर्मर हे सगळे शब्द त्याने पचवले. ज्या शब्दाबरोबर काम कळते तो शब्द शेतकरी दुसऱ्या दिवशी वापरू लागतो. आमची तक्रार धुरीन शब्दाबद्दल नाही. तो शब्द दाराआड लपण्यासाठी वापरतात त्याबद्दल आहे. 'किराळ' या शब्दात केव्हा, कुठे, कशाने हे सगळे आहे: कोवळ्या कोंबाने, ओढीत, मोकाट सुटल्यावर. 'धुरीन' या शब्दात ते कसे घडते हे आहे. दोन्ही एकत्र आले तर जनावर वाचेल. एक दुसऱ्याला हुसकावून बसला, तर पंचनाम्यावर 'अज्ञात' येणार.

नावे ठेवायची हौस सरकारला नाही असे नाही. २०२३ हे आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष झाले, आणि त्या वर्षीच्या केंद्रीय अर्थसंकल्पात ज्वारी-बाजरीला 'श्री अन्न' म्हटले गेले. त्याच साली सोलापूरचे श्री अन्न केंद्र बारामतीला नेण्यावरून जिल्ह्यात ओरड झाली, ती आपण ऐकली आहे. ज्वारीला श्री लावा, सौभाग्यवती लावा, आमची हरकत नाही. पण त्या ज्वारीची कोवळी ताटे खाऊन मेलेल्या बैलाच्या कागदावर खरे कारण लिहा. आणि श्री अन्नाच्या नादात शहरात ज्वारीला मोड आणून कच्चे खाण्याची टूम निघाली आहे, त्यांनाही कुणीतरी सांगा की धुरीन कोंबातच भरते. पिकल्या दाण्यात ते नगण्य असते. भाकरीला, हुरड्याला कसलेही भय नाही. 'ज्वारीत सायनाइड असते' अशी अर्धी बातमी उठवून कुणी भाव पाडायला आला, तर त्याला हे उत्तर द्यावे. पक्व पिकाच्या चांगल्या वाळलेल्या कडब्यालाही भय नाही. नुसत्या सुकत घातलेल्या, अर्धवट कोमेजलेल्या कडवळाला मात्र वाळलेले समजू नये.

कापूसवाल्या भावांसाठी दोन शब्द. तुमच्या सरकीतले गॉसिपॉल हेही असेच. कापसाच्या शास्त्रीय नावावरून पडलेले नाव, आणि तीही झाडाची स्वसंरक्षणाची तजवीज. मोठ्या जनावराचे पोट बेताची सरकी पेंड निभावून नेते, लहान वासराचे आणि कोंबडीचे नेत नाही. तिथे मात्र शास्त्र हलले. टेक्सासच्या विद्यापीठात कीर्ती राठोड यांनी सरकीतले गॉसिपॉल घटवलेला आणि पाल्यातले तसेच ठेवलेला कापूस तयार केला, आणि अमेरिकेने २०१८ व २०१९ मध्ये त्याला परवानग्या दिल्या. ज्वारीतही जगात काम झाले आहे. धुरीन बनवणारी जनुके डेन्मार्कच्या शास्त्रज्ञांनी शोधली. ऑस्ट्रेलियातल्या शास्त्रज्ञांनी धुरीन अजिबात न बनवणारी ज्वारी २०१२ मध्ये जाहीर केली, तीही बाहेरचे जनुक न घालता. तिची सुरुवातीची वाढ जरा मंद होती, हेही त्यांनी लपवले नाही. आम्ही असे म्हणत नाही की उद्या मालदांडीतले धुरीन पुसून टाका. कोरडवाहूत ती तिची ढाल आहे, आणि ढाल काढून घेतली तर खोडमाशीचे फावेल की नाही हे आधी आमच्या रानात तपासावे लागेल. पण निव्वळ वैरणीसाठी पेरायच्या कडवळात असे वाण आम्हाला का मिळू नये? तंत्रज्ञानाचे स्वातंत्र्य आपण मागतो, ते फक्त कापसाच्या पाकिटापुरते नाही.

ते वाण येईल तेव्हा येईल. आज हातात येण्यासारखे मागणे आम्ही जिल्हा बैठकीपुढे ठेवत आहोत. पत्रकात आधी किराळ लिहा, मग धुरीन. वैरणीच्या बियाण्याच्या पिशवीवर कापणीचा सर्वात आधीचा दिवस आणि उंची ठळक छापा. साधारण नियम असा की, कंबरेइतके होण्याआधी कडवळाला जनावर लावू नये आणि फुलोऱ्यात आल्यावर कापलेले उत्तम. तालुक्याच्या प्रत्येक पशुवैद्यकीय दवाखान्यात सोडियम नायट्रेट नव्हे, सोडियम नायट्राइट आणि सोडियम थायोसल्फेट शिरेतून देण्याच्या तयारीत पाहिजे. हे थायोसल्फेट म्हणजे जुन्या फोटो स्टुडिओतला हायपो. ज्या औषधाचा भाऊबंद गल्लीतल्या फोटोवाल्याकडे असायचा, ते दवाखान्यात नाही हे कारण आम्ही ऐकून घेणार नाही. जनावर धापा टाकत असताना त्याच्या नरड्यात गूळपाणी, ताक ओतत बसू नये, ते फुफ्फुसात जाते. फोन करावा, डॉक्टरला 'किराळ' हा एकच शब्द सांगावा, आणि उरलेली जनावरे कडवळातून बाहेर काढावीत.

आणि पंचनाम्याचे. हे विष वायुरूप होऊन उडून जाते. दुसऱ्या दिवशी उघड्या पिशवीतून पाठवलेल्या नमुन्यात काही सापडत नाही, आणि मग 'अज्ञात' हा शेरा कायदेशीर होऊन बसतो. म्हणून पोटातली वैरण आणि रानातले कडवळ लगेच बूच लावलेल्या बाटलीत भरून बर्फात ठेवले पाहिजे. त्याहून सोपी परीक्षा म्हणजे पिक्रेटचा कागद. ठेचलेले पान बाटलीत घालून वर हा पिवळा कागद लटकवायचा आणि बूच लावायचे. विष असेल तर कागद विटकरी होतो. शंभर वर्षांहून जुनी युक्ती आहे. असे कागद दवाखान्यात असले, तर पंचनामा करणाऱ्याच्या डोळ्यांदेखत निकाल लागेल.

पिक्रिक आम्ल घरी हाताळण्याची वस्तू नाही, वाळले तर ते स्फोटक होते. तयार कागद प्रयोगशाळेतल्या जाणत्या माणसाकडून आम्ही बैठकीला आणतो आहोत. येताना प्रत्येक गावाने तीन पोंगे आणावेत: एक ओढ बसलेल्या रानातला, एक पाणी दिलेल्या रानातला, एक धसकटाच्या फुटव्याचा. सकाळी तोडून, न ठेचता, ओल्या फडक्यात गुंडाळून, आणि गावाचे नाव लिहून. बाटल्या आमच्याकडे आहेत.