खंजीर आणि जोडाची अंगठी

शाळेच्या ग्रंथालयात ज्या पुस्तकांची पाने हाताळून हाताळून मऊ पडली आहेत, त्यांत देवकीनंदन खत्री यांच्या कादंबऱ्या आहेत. १८८८ साली त्यांची हिंदी 'चंद्रकांता' प्रसिद्ध झाली आणि पुढे 'चंद्रकांता संतति'चे २४ भाग निघाले. केवळ ही पुस्तके वाचता यावीत म्हणून त्या काळी अनेकांनी हिंदी शिकून घेतली, असे सांगतात. आमची मायबोली कोकणी, शिक्षणाची भाषा मराठी. तिसऱ्या भाषेची गोडी आम्हांलाही याच पुस्तकांनी लावली, हे ऋण प्रथम मान्य करतो.

नौगढ, चुनारगढ ही नावे नकाशावर सापडतात; पण खत्रींनी त्यांच्या भोवती उभारलेले जग सर्वस्वी कल्पनेतले आहे. तेथे दगडी बगळा जवळ येणाऱ्या माणसाला गिळून टाकतो. ऐयार शत्रूला बेशुद्ध करतात आणि आपल्या माणसाला लखलखा हुंगवून शुद्धीवर आणतात. तथापि या जगाचा एक विशेष ध्यानात घेण्याजोगा आहे. तेथील तिलिस्म केवळ मंत्राने उभे राहत नाही. अमाप धन आहे पण वारस नाही, असा धनी आपला ठेवा जपण्यासाठी ज्योतिषी, वैद्य व तांत्रिक यांच्याबरोबर कारागिरांनाही पाचारण करतो. वाचकाला जी जादू वाटते, ती पुष्कळ अंशी कुणाच्या तरी हातांची करामत असते.

या करामतीतील सर्वांत प्रसिद्ध वस्तू म्हणजे तिलिस्मी खंजीर. त्याची मूठ दाबताच विजेसारखा लखलखाट होतो. त्याचा स्पर्श होताच माणूस बेशुद्ध होऊन कोसळतो. मग तो धारण करणारा कसा वाचतो? त्याच्या बोटात त्या खंजिराच्या जोडाची अंगठी असते म्हणून! ज्याने खंजीर घडविला, त्याने तो धरणाऱ्या हाताची चिंताही वाहिली.

गेल्या पावसाळ्यात आम्ही वर्गात विचारले, "या दोहोंपैकी एकच मिळणार असेल, तर काय घ्याल?" बहुतेक सर्व हात खंजिरासाठी वर गेले. मागच्या बाकावरील एक मुलगी तेवढी म्हणाली, "अंगठीवाचून खंजीर धरायचा कसा, बाई?" वर्ग हसला. आम्हांला मात्र हसू आले नाही. कारण त्याच आठवड्यात आमचा एक माजी विद्यार्थी हाताला पट्टी बांधून भेटावयास आला होता. तो वायरमनचे काम करतो. भर पावसात खांबावर चढला असता त्याला विजेचा धक्का बसला होता. खांबावरील पट्ट्याने तो अडकून राहिला, म्हणून वाचला. "मोजे मागितले होते, बाई," तो म्हणाला, "पुढल्या महिन्यात येतील म्हणाले."

वायरमनच्या पक्कडीच्या मुठीवर जे जाड आवरण असते, ती त्याच्या बोटातील अंगठीच होय. चांगल्या पक्कडीवर १००० व्होल्ट असा आकडा छापलेला असतो. आपल्या घरातील वीज २३० व्होल्टची. परंतु आवरणाला चीर गेली, की त्या आकड्याला अर्थ उरत नाही. रस्त्यावरून जाणाऱ्या ११,००० व्होल्टच्या तारेपुढे तर अशी पक्कड निरुपयोगीच. तेथे पुरवठा बंद करणे, तो खरोखर बंद झाल्याची खात्री करणे, तार जमिनीशी जोडणे आणि मगच हात लावणे, हाच मार्ग. येथे विद्यार्थ्यांनी एक गोष्ट पक्की ध्यानात ठेवावी. धातूची अंगठी विजेपासून रक्षण करते, हे कादंबरीतच खरे. प्रत्यक्षात धातू विजेला वाट देतो. रक्षण करते ते रबर, आणि तेही कोरडे व धड असेल तर.

कुणी म्हणेल, कामगारच मोजे घालण्यास नाखूष असतात. बोटे अवघडतात, घाम येतो. हे अगदीच खोटे नाही. पण जे मिळालेच नाहीत, ते न घातल्याचा दोष कुणाच्या माथी मारावयाचा? आणि मिळाल्यावर ते वापरण्याची सवय लावणे, हे काम देणाऱ्याचेही कर्तव्य नव्हे काय? आमच्या मते समाजाची पारख त्याच्या खंजिरांवरून करू नये. घरोघरी दिवा लागला, याचा अभिमान जरूर बाळगावा. परंतु तो लावणाऱ्याच्या बोटात अंगठी आहे की नाही, हे पाहिल्यावाचून तो अभिमान पुरा होत नाही. कल्पनेतल्या कारागिराला जे सुचले, ते आपल्याला सुचू नये, ही लाजिरवाणी गोष्ट आहे.

खंडेनवमीला आपण हत्यारे घासूनपुसून मांडतो, त्यांना झेंडूची फुले वाहतो. येत्या खंडेनवमीस पक्कडीशेजारी हातमोज्यांचा एक जोडही मांडावा, अशी आमची विनंती आहे. तो जोड नवा असावा, आणि दुसऱ्या दिवशी तो पाटावर नव्हे, कामावर जाणाऱ्याच्या हातात दिसावा.