जुना फोन आणि शेतीचा सल्ला

हवामानाचा इशारा असो वा फवारणीचे प्रमाण, गावोगावी शेतीचा सल्ला आज व्हॉट्सअ‍ॅपच्या गटांतून पोहोचतो. परंतु २४ ऑक्टोबर २०२३ पासून अँड्रॉइड ५.० पूर्वीच्या फोनांना या अ‍ॅपचा अधिकृत आधार राहिलेला नाही. अशा वेळी कोणी तरी त्याची फेरफार केलेली प्रत भलतीकडून घेऊन फोनमध्ये घालून देतो. हा उपाय रोगाहून घातक होय. अशा प्रतीची खात्री कोणी दिलेली नसते. तीतून खासगी निरोप व बँकेचे गुप्त आकडे चोरीस जाऊ शकतात, आणि कंपनी ते खातेही बंद करू शकते. लेबल नसलेले बियाणे सुज्ञ शेतकरी पेरीत नाही. येथेही तीच सावधगिरी इष्ट आहे.

मात्र जुना फोन बाळगणाऱ्याचा यात दोष नाही. सर्व सल्ला एकाच अ‍ॅपवर सोपविणे हीच खरी उणीव आहे. ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी प्रत्येक महत्त्वाची सूचना ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लिहावी व एसएमएसनेही कळवावी. किसान कॉल सेंटरचा १८००-१८०-१५५१ हा निःशुल्क क्रमांक साध्या फोनवरूनही लागतो, हे घरोघर सांगावे. फोन जुना झाला म्हणून कोणीही शेतकरी सल्ल्यावाचून राहता कामा नये.