हुबेहूब म्हणजे कला नव्हे

चित्रपटाची वाखाणणी करताना आपल्या सुशिक्षित घरांतून 'हुबेहूब' हा शब्द फार सढळपणे वापरला जातो. पाऊस हुबेहूब, वाडा हुबेहूब, युद्ध तर इतके हुबेहूब की बसल्या जागी अंग चोरावे! आणि याच घरांतून, विषय गंभीरपणे निघाला म्हणजे, असाही निर्वाळा मिळतो की चित्रपट ही कलाच नव्हे. समोरचे यंत्राने टिपले, त्यात कलावंताने काय केले? ही मते परस्परविरुद्ध दिसली, तरी आमच्या मते ती एकाच गैरसमजुतीची जुळी अपत्ये होत. कॅमेरा वास्तवाची नक्कल करतो, हे दोहोंचे गृहीत. एक त्याबद्दल पाठ थोपटतो, दुसरा नाक मुरडतो, इतकेच.

या गृहीतावर रूडॉल्फ आर्नहाइम या जर्मन पंडिताने पहिल्या प्रतीचा घाव घातला. बर्लिनमध्ये गेस्टाल्ट मानसशास्त्राच्या आचार्यांपाशी तयार झालेल्या या गृहस्थाचा 'कला म्हणून चित्रपट' हा ग्रंथ १९३२ साली निघाला. पुढल्याच वर्षी नाझी सत्तेवर आले आणि ग्रंथकर्त्यास रोम गाठावे लागले. त्याचे म्हणणे असे : पडद्यावरील चित्र वास्तवापेक्षा उणे असते. त्यास खोली नाही, चौकटीबाहेर काही नाही; मूकपटास तर ध्वनीही नव्हता आणि बहुधा रंगही नसे. कलेचा जन्म या उणिवांतूनच होतो. चॅप्लिनच्या १९१७ मधील 'इमिग्रंट'चा त्याने दिलेला दाखला पाहा. आगबोटीच्या कठड्यावर ओणवलेला चार्ली पाठमोरा पाय झाडतो. आपण समजतो, याला बोट लागली. तो वळतो, तो हाती गळाला लागलेला मासा! कॅमेरा दुसऱ्या बाजूस असता तर हा विनोद संभवलाच नसता. तेव्हा 'कलावंताने काय केले?' या प्रश्नाचे उत्तर मिळाले : कोठून पाहावे आणि काय झाकावे, हे त्याने ठरविले.

येथवर आम्ही आर्नहाइमचे अनुयायी आहोत. परंतु लेसिंगच्या 'लाओकून'चे नाव पुढे चालवून १९३८ साली लिहिलेल्या निबंधात तो बोलपटालाच संकरजात ठरवितो. संवाद आला की दृश्य पंगू होते, हा त्याचा मुख्य आक्षेप. बडबड्या बोलपटांपुरता तो खरा आहे. पण त्याच्याच जर्मनीत १९३१ साली फ्रिट्झ लांगचा 'एम' निघाला होता. त्यात आई एल्सीला हाका मारते आणि पडद्यावर दिसतो रिकामा जिना, ओस पडलेला माळा, जेवणाच्या मेजावरची कोरी थाळी. मूल दिसत नाही आणि हाकेला ओ येत नाही. येथे शब्दाने दृश्यास पंगू केले, असे कोण म्हणेल? उलट त्या हाकेवाचून तो जिना केवळ जिना राहिला असता. ध्वनीलाही चौकट असते. काय ऐकवावे आणि काय मुके ठेवावे, ही निवड तेथेही आहेच. उणिवेचे सामर्थ्य जगास शिकविणाऱ्या पंडिताने एका विशिष्ट काळातील उणिवांनाच चित्रपटाचा शाश्वत धर्म मानावे, ही त्याच्या विचारातील मोठी विसंगती होय.

तथापि त्याचा मूळ सिद्धान्त या चुकीने बुडत नाही. तो अधिक व्यापक होतो. मूकपट गेले, रंग आले, आता तर यंत्रे नसलेली नगरेही पडद्यावर उभी करतात, आणि प्रत्येक वेळी हुबेहूबपणा वाढला म्हणून कला वाढली, असा डांगोरा पिटला जातो. साधने वाढली हे खरे. पण साधने जितकी विपुल, तितकी 'काय वगळावे' ही कसोटी अधिक कठीण होत जाते. आमच्या टीकाकारांनी ती लावण्याचे कष्ट घ्यावेत. वाडा खऱ्यासारखा दिसला, हे सांगण्यास टीकाकार लागत नाही. ते सुतारही सांगेल. त्या वाड्याचे कोणते दार दिग्दर्शकाने बंद ठेवले, आणि का, हे आम्हांस सांगा.