पोटगी आहे, वारसा नाही

सोलापूर जिल्ह्यातील पंढरपुरात १८७५ साली लालशंकर उमियाशंकर यांनी पुढाकार घेऊन टाकलेल्या अर्भकांसाठी बालकाश्रम उभारला. प्रार्थना समाजाने तो पुढे चालविला. त्यापूर्वी, १८६३ मध्ये, जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले होते. तेथे जन्मलेल्या यशवंताला त्यांनी दत्तक घेऊन आपले नाव दिले. विधवांच्या अपत्यांचे प्राण वाचले. हक्काचा प्रश्न मात्र उरला.

हिंदू विवाह कायद्याच्या कलम १६ मधील १९७६ च्या दुरुस्तीने रद्दबातल विवाहातील संतती औरस ठरली. १ सप्टेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पित्याच्या एकत्र कुटुंबातील हिश्शातही तिचा वाटा मान्य केला. परंतु मातापित्यांचा विवाहच झालेला नसेल, तर १९५६ चा हिंदू वारसा कायदा मुलाचे नाते आजही मातेशीच जोडतो. अज्ञान असेतोवर पित्याकडून पोटगी मिळते. त्याच्या मालमत्तेत वारसा मिळत नाही.

म्हणजे मातापित्यांच्या वर्तनाचा दंड निरपराध मूल भरते. पितृत्व सिद्ध झालेल्या प्रत्येक अपत्यास समान वारसा देणारी दुरुस्ती झाली पाहिजे. समतेचे नाव घेणाऱ्या कार्यकर्त्यांनी ही मागणी गावोगाव नेली पाहिजे.