ज्वारीला गिऱ्हाईक कोण?

संयुक्त राष्ट्रसंघाने २०२३ हे वर्ष भरडधान्यांस वाहिले, तेव्हा जगाची बाजारपेठ वऱ्हाडच्या ज्वारीची वाट पाहत आहे, असा समज पसरला. आमच्या मते तो भ्रामक होय. जागतिक व्यापारातील ज्वारी बहुतांशी पशुखाद्यासाठी व मद्यासाठी जाते. चीन हा तिचा मोठा ग्राहक. त्याने एप्रिल २०१८ मध्ये अमेरिकन ज्वारीवर १७८.६ टक्के अनामत लादताच भर समुद्रातील जहाजांना दिशा बदलावी लागली. अशा लहरी गिऱ्हाइकाच्या भरवशावर अमरावती-अकोल्याचा शेतकरी कपाशी-सोयाबीन सोडून ज्वारीकडे का वळावा? सरकारने ज्वारी हमीभावाने वेळेवर खरेदी करावी आणि शिधावाटपाच्या दुकानांतून व वसतिगृहांतून ती लोकांच्या ताटात पोहोचवावी. घरचे गिऱ्हाईक पक्के झाल्यावाचून परदेशच्या बाजाराच्या गोष्टी व्यर्थ आहेत.